पहिल्याच मोसमात ‘कोच बदला’ म्हणणाऱ्या मराठी फुटबॉलप्रेमींना खुले पत्र

प्रिय मित्रमैत्रिणींनो,
सप्रेम नमस्कार.

एडिसन असो, नेपरव्हिल असो, ट्रॉय असो की फ्रिस्को, अमेरिकेत मराठी माणसं जिथे स्थिरावली तिथे रविवारचा एनएफएलचा (अमेरिकन फुटबॉलच्या व्यावसायिक लीगचा) सामना आता आपल्याही घरात पाहिला जातो. मुलं संघाची जर्सी घालून शाळेत जातात आणि त्यांच्यामुळे आईवडीलही डाउन आणि यार्ड मोजायला शिकतात. (डाउन म्हणजे एक प्रयत्न; चार डाउनमध्ये दहा यार्ड पुढे जायचं, नाहीतर चेंडू समोरच्याला.) याचा आम्हाला मनापासून आनंद आहे. मात्र संघाने नवा मुख्य प्रशिक्षक नेमला आणि पहिले सात-आठ सामने हातचे गेले, की आपल्यातले बरेच जण एकच धोशा लावतात: कोच बदला. ही मागणी कधी रास्त असते, तर कधी संघाला आणखी पाच वर्षं मागे नेणारी. त्यातली कुठली कोणती, हे ताळेबंदातल्या जय-पराजयाच्या आकड्यांवरून कळत नाही. मग कशावरून कळतं, ते तुमच्यापुढे मांडावं म्हणून हे पत्र.

उदाहरण घेतोय ते डेट्रॉईट लायन्सच्या २०२१ सालच्या मोसमाचं. डॅन कॅम्पबेल यांचं तिथलं ते पहिलं वर्ष. १७ सामने, ३ विजय, १३ पराभव, १ बरोबरी. त्यातले पहिले आठही सामने हरलेले. नवा प्रशिक्षक पहिल्या वर्षी काय करू शकतो, काय करू शकत नाही आणि त्याच्या चुका कशा तोलायच्या, हे शिकायला इतका चांगला मोसम दुसरा सापडणार नाही, असं आमचं ठाम मत आहे.

आधी त्यांच्या पदरात काय पडलं ते बघा. २०१७ मध्ये लायन्सने ९ सामने जिंकून ७ हरले होते, तरी जिम कॉल्डवेल यांना नारळ मिळाला. त्यांच्या जागी आलेल्या मॅट पॅट्रिशिया यांनी पावणेतीन मोसमांत १३ जिंकले, २९ हरले, एक बरोबरीत सोडवला. २०२० च्या मोसमात लायन्सच्या डिफेन्सने (बचावाच्या फळीने) १६ सामन्यांत ५१९ गुण दिले. क्लबच्या इतिहासात एका मोसमात इतके गुण कधीच दिले गेले नव्हते. जानेवारी २०२१ मध्ये ब्रॅड होम्स जनरल मॅनेजर म्हणून आले, आठवड्याभरात कॅम्पबेल आले, आणि महिनाअखेरीस १२ मोसम क्वार्टरबॅक (चेंडू फेकून संघाचं आक्रमण चालवणारा खेळाडू) असलेल्या मॅथ्यू स्टॅफर्डचा सौदा लॉस एंजेलिस रॅम्सशी ठरला. बदल्यात मिळाला जॅरेड गॉफ, २०२१ च्या ड्राफ्टमधली (कॉलेजमधून येणाऱ्या नव्या खेळाडूंच्या फेऱ्याफेऱ्यांनी होणाऱ्या निवडीतली) तिसऱ्या फेरीची एक निवड, आणि २०२२ व २०२३ च्या पहिल्या फेरीची एकेक निवड. मोबदल्यातला मोठा वाटा एक-दोन वर्षांनी हाती येणार होता, हे लक्षात घ्या. त्यातच करोनामुळे उत्पन्न घटल्याने प्रत्येक संघाची पगारमर्यादा १९ कोटी ८२ लाख डॉलरवरून १८ कोटी २५ लाखांवर उतरली होती. बाजारातून तयार खेळाडू उचलायचे तर पैसा नाही, आणि ड्राफ्टचं भांडवल अजून यायचंय. अशा संघाने सप्टेंबरमध्ये जिंकायला सुरुवात करावी, ही अपेक्षाच चुकीची होती.

दुसरी गोष्ट सरावाच्या वेळेची. नवा प्रशिक्षक आला की लीग त्या संघाला थोडी सवलत देते. त्याला उन्हाळी कार्यक्रम इतरांपेक्षा लवकर सुरू करता येतो आणि एक जादा ऐच्छिक शिबिर मिळतं. पण उन्हाळ्याच्या या सरावात अंगाला अंग भिडवायला बंदी असते. आणि २०२१ मध्ये तर या कार्यक्रमाचा पहिला टप्पा करोनामुळे ऑनलाइनच झाला. मोसम सुरू झाल्यावर पूर्ण पॅड चढवून सराव करायचा तो अवघा १४ वेळा, असा खेळाडू संघटनेबरोबरचा करार आहे. टॅकलिंग (पाडणं) आणि ब्लॉकिंग (अडवणं) पॅडशिवाय नीट शिकवता येत नाही. म्हणून नव्या पद्धतीने खेळणारा डिफेन्स सप्टेंबरात माणसं हुकवतो आणि नोव्हेंबरात सावरतो. यात आळस किंवा बेशिस्त शोधू नका.

पद्धत बदलली की माणसंही बदलावी लागतात. पॅट्रिशिया यांना जाडजूड, वजनदार लाइनबॅकर (डिफेन्सच्या मधल्या फळीतले खेळाडू) लागत. त्यांनी २०१९ मध्ये दुसऱ्या फेरीत घेतलेल्या जाहलानी ताव्हाईला नव्या व्यवस्थापनाने ऑगस्ट २०२१ मध्ये मोकळं केलं. तोच ताव्हाई पुढे न्यू इंग्लंडमध्ये नियमित खेळाडू झाला. खेळाडू वाईट नव्हता, इथल्या नव्या चौकटीत बसत नव्हता. दुसऱ्या फेरीची निवड अशी पाण्यात जाते, तेव्हा तिची किंमत नव्या प्रशिक्षकाच्या खात्यावर लिहिली जाते.

आता दुखापती. लायन्सचा डावा टॅकल (क्वार्टरबॅकला वाचवणाऱ्या ओळीच्या कडेचा खेळाडू) टेलर डेकर पहिल्या सामन्याच्या तोंडावर बोटाच्या दुखापतीने बसला. ड्राफ्टमध्ये सातव्या क्रमांकावर घेतलेल्या पेनाय सीवेलला उन्हाळाभर उजव्या बाजूला तयार केलं होतं. त्याला ऐन वेळी डावीकडे न्यावं लागलं. टॅकलची बाजू बदलणं वाटतं तितकं सोपं नाही. कुठला पाय मागे ठेवून उभं राहायचं, पहिलं पाऊल कुठल्या पायाने मागे टाकायचं, बाहेरून येणाऱ्याला कुठल्या हाताने आधी अडवायचं, हे सगळं आरशातल्यासारखं उलटं होतं. उजव्या हाताने जेवणाऱ्याला एका आठवड्यात डाव्या हाताने भरभर जेवायला सांगण्यासारखंच ते. त्यात पहिल्याच सामन्यात डिफेन्समधल्या कॉर्नरबॅक जेफ ओकुडाच्या टाचेमागचा स्नायुबंध तुटला. चौथ्या सामन्यापर्यंत सेंटर (ओळीच्या मधोमध उभा राहणारा) फ्रँक रॅगनाउ आणि पास रशर (क्वार्टरबॅकवर धावून जाणारा) रोमिओ ओक्वारा हे दोघंही मोसमाला मुकले.

या सगळ्यात लायन्स हरले कसे, ते पाहण्यासारखं आहे. सॅन फ्रान्सिस्कोविरुद्ध ४१-१७ असे मागे असताना ते ४१-३३ पर्यंत आले. बॉल्टिमोर रेव्हन्सविरुद्ध १७-१६ अशी आघाडी होती, रेव्हन्सला चौथ्या डाउनला १९ यार्ड हवे होते, आणि लमार जॅक्सनने ३६ यार्डचा पास पूर्ण केला. मग जस्टिन टकरने ६६ यार्डवरून मारलेली किक (तीन गुणांचा फील्ड गोल) आडव्या दांडीवर आदळली आणि उसळून पलीकडे पडली. तो तेव्हा लीगचा विक्रम ठरला. मिनेसोटा वायकिंग्जविरुद्ध १७-१६ अशी आघाडी घेतल्यावर ३७ सेकंद उरले होते. तेवढ्यात वायकिंग्ज मैदानाच्या मध्यापलीकडे आले आणि ५४ यार्डची किक बसली. मोसमभरातले सहा पराभव आठ किंवा त्याहून कमी गुणांनी झाले, म्हणजे एका टचडाउनच्या (जोडीच्या जादा गुणांसह जास्तीत जास्त आठ गुण) टप्प्यातले. हे नुसतं दुर्दैव होतं असं आम्ही म्हणणार नाही. शेवटच्या दोन मिनिटांत मधला पट्टा उघडा टाकणारा डिफेन्स असे सामने हरतोच. पण उरलेल्या पराभवांकडेही बघा: फिलाडेल्फियाकडून ४४-६, सिनसिनाटीकडून ३४-११. संघ नुसता कमनशिबी असता तर असे आकडे दिसले नसते. तो कच्चाही होता.

आणि प्रशिक्षकाच्या स्वतःच्या चुका? होत्या, आणि ठळक होत्या. सर्वांत बोचरी २५ नोव्हेंबरची, थँक्सगिव्हिंगच्या दिवशीची. समोर शिकागो बेअर्स, लायन्स १४-१३ ने पुढे, घड्याळात साडेआठ मिनिटं. बेअर्स चेंडू घेऊन एकेक चाल करत सरकत लायन्सच्या १६ यार्डाच्या रेषेपर्यंत पोचले. तिसरं डाउन, नऊ यार्ड हवेत, सुमारे दोन मिनिटं बाकी. इथे बेअर्सला थोपवलं असतं, तर त्यांनी फील्ड गोल मारला तरी लायन्सच्या हाती घड्याळात वेळ उरला असता. कॅम्पबेल यांनी टाइमआउट घेतला. खेळाडू परत उभे राहिले तेव्हा डिफेन्समध्ये कॉलचा गोंधळ दिसला, म्हणून मध्ये एकही चाल झालेली नसताना त्यांनी दुसरा टाइमआउट मागितला. नियमानुसार एकाच थांब्यात एका संघाला सलग दोन टाइमआउट घेता येत नाहीत. पाच यार्डचा दंड झाला. नऊचे चार यार्ड झाले, बेअर्सने सात यार्डचा पास पूर्ण केला, नवा पहिला डाउन मिळवला, घड्याळ संपवत आणलं आणि शेवटच्या चालीवर २८ यार्डवरून किक मारून १६-१४ ने सामना नेला. साडेआठ मिनिटांत लायन्सच्या ऑफेन्सला (आक्रमणाच्या फळीला) चेंडू पुन्हा दिसलाच नाही.

कोच बदलण्याची मागणी त्या संध्याकाळी करणाऱ्यांचा राग आम्हाला समजतो. तरीही आम्ही म्हणतो, ती वेळ निकालाची नव्हती. कारण तोवर दुसरीकडे काहीतरी फिरायला लागलं होतं.

आठ पराभवांनंतर बाय वीक आला, म्हणजे सामना नसलेला आठवडा. या सुट्टीत कॅम्पबेल यांनी ऑफेन्सच्या चाली सांगण्याचं काम समन्वयक अँथनी लिन यांच्याकडून स्वतःकडे घेतलं, आणि टाइट एंडचे प्रशिक्षक बेन जॉन्सन यांना पासिंगच्या आखणीत पुढे आणलं. चाली कोण सांगतो याला एवढं महत्त्व का? एक चाल संपली की पुढची सुरू करायला ४० सेकंद असतात. क्वार्टरबॅकच्या हेल्मेटमधला रेडिओ १५ सेकंद उरले की बंद पडतो. म्हणजे चाल निवडून, सांगून, क्वार्टरबॅकच्या प्रश्नाला उत्तर देऊन व्हायला २५ सेकंद मिळतात. चाल उशिरा आली की हडल (चाल ऐकायला केलेला खेळाडूंचा घोळका) घाईत मोडतो, समोरच्या डिफेन्सकडे बघायला क्वार्टरबॅकला सवड राहत नाही आणि तो जवळचा, भित्रा पास टाकतो. हा दोष एका माणसाने दुसऱ्यापेक्षा लवकर निर्णय घेतला तरी बराचसा सुटतो.

बायनंतरचा पहिला सामना पिट्सबर्गला पावसात झाला. डेकर परतला, सीवेल उजव्या बाजूला गेला, आणि दोन्ही कडा पहिल्यांदाच आपापल्या जागी आल्या. लायन्सने धावून २२९ यार्ड काढले. पासवर मात्र जेमतेम ११४. किकरने एक जादा गुण आणि जादा वेळेत ४८ यार्डची किक चुकवली, म्हणून सामना १६-१६ असा सुटला. त्या बरोबरीला अनेकांनी नावं ठेवली. आमच्या लेखी, मोसमातला पहिला खरा सुधारणेचा पुरावा तोच.

आता कागद-पेन घ्या. बायच्या आधीच्या आठ सामन्यांत लायन्सने १३४ गुण केले आणि २४४ दिले. नंतरच्या नऊ सामन्यांत १९१ केले, २२३ दिले. म्हणजे आधी दर सामन्याला जवळजवळ १४ गुणांनी मागे, नंतर साडेतीन गुणांच्या आसपास. उत्तरार्धातही डेन्व्हरकडून ३८-१० आणि सिअॅटलकडून ५१-२९ असे दणके आहेत, ते धरून ही सरासरी आहे. गंमत बघा: २०२० मध्ये संघाने ३७७ गुण केले, ५१९ दिले, तूट १४२. २०२१ मध्ये ३२५ केले, ४६७ दिले, तूट पुन्हा १४२. वर्षाची गोळाबेरीज पाहणाऱ्याला काहीच बदललेलं दिसत नाही. मधे रेघ मारणाऱ्याला दोन निराळे संघ दिसतात.

एका खेळाडूवरही हाच प्रयोग करता येतो. चौथ्या फेरीत ११२ वा घेतलेला रिसीव्हर अॅमॉन-रा सेंट ब्राउन याने पहिल्या ११ सामन्यांत ३९ झेल घेतले, एकही टचडाउन नाही. शेवटच्या सहा सामन्यांत ५१ झेल, पाच टचडाउन. चांगला प्रशिक्षक पहिल्या वर्षी नवख्यांना वाढवतो. हे विजयांच्या रकान्यात लगेच उमटत नाही.

५ डिसेंबरचा मिनेसोटाविरुद्धचा सामना या मोसमाचा गाभा आहे, म्हणून जरा थांबून सांगतो. त्याच आठवड्यात डेट्रॉईटच्या उत्तरेला ऑक्सफर्ड हायस्कूलमध्ये गोळीबार झाला होता आणि चार विद्यार्थी गेले होते. लायन्स मध्यंतराला २०-६ ने पुढे होते. चार मिनिटं उरली तेव्हा आघाडी २३-२१ अशी आली होती, चौथं डाउन, एक यार्ड हवा, चेंडू स्वतःच्याच २८ यार्डावर. बहुतेक प्रशिक्षक इथे पंट करतात, म्हणजे चेंडू दूर लाथाडून समोरच्याच्या हवाली करतात. कॅम्पबेल यांनी चाल खेळायला सांगितली, गॉफच्या हातून चेंडू सुटला आणि वायकिंग्जने टचडाउन करून २७-२३ केलं. १ मिनिट ५० सेकंद बाकी, लायन्सकडे एकही टाइमआउट नाही. थँक्सगिव्हिंगला घड्याळाचा घोळ घातलेला हाच संघ १४ चालींत ७५ यार्ड गेला. शेवटच्या चार सेकंदांत, चौथ्या डाउनला, गॉफने सेंट ब्राउनला ११ यार्डचा पास दिला. २९-२७. मोसमातला पहिला विजय. तो चेंडू संघाने ऑक्सफर्डच्या लोकांना अर्पण केला आणि कॅम्पबेल यांनी पत्रकारांसमोर गेलेल्या मुलांची नावं घेतली.

२८ यार्डावरचा तो निर्णय चूक होता का, यावर वाद घालता येईल. आमच्या मते तो चूक होता. डिफेन्स थकला होता हे खरं, पण चाल फसली तर समोरच्याला अर्धं मैदान फुकट मिळत होतं. मात्र अशी जोखीम घेण्याची वृत्ती मोसमभर एकसारखी राहिली, हे आम्ही प्रशिक्षकाच्या बाजूने मांडतो. दर रविवारी तत्त्व बदलणाऱ्या प्रशिक्षकाकडून खेळाडू काहीच शिकत नाहीत.

पुढे अॅरिझोनाला ३०-१२ ने हरवलं. शेवटी ग्रीन बे पॅकर्सवर ३७-३० असा विजय मिळाला, पण पॅकर्सने आपल्या मुख्य क्वार्टरबॅकला, अॅरन रॉजर्सला, उत्तरार्धात बसवलं होतं, तेव्हा त्या विजयाला निम्मंच वजन द्यावं.

पुढचा इतिहास तुम्हाला ठाऊक आहे. २०२२ ची सुरुवात १ विजय, ६ पराभव अशी झाली. ऑक्टोबरअखेर क्लबच्या मालक शीला फोर्ड हॅम्प यांनी पत्रकारांसमोर प्रशिक्षकाची पाठराखण केली. याचा अर्थ जाब कोणी विचारलाच नाही असा नाही. थोड्याच दिवसांत डिफेन्सच्या मागच्या फळीच्या प्रशिक्षकाला बदललं गेलं. दुखणं जिथे होतं तिथेच उपाय झाला. मोसम ९-८ असा संपला. २०२३ मध्ये १२-५, १९९३ नंतरचं पहिलं विभागीय विजेतेपद, आणि जानेवारी २०२४ मध्ये स्टॅफर्डच्याच रॅम्सला २४-२३ ने हरवून ३२ वर्षांनी प्लेऑफमधला विजय. २०२४ मध्ये १५-२.

तुम्ही म्हणाल, सगळेच काही कॅम्पबेल नसतात. मान्य. २०२२ मध्ये ह्यूस्टन टेक्सन्सचाही ताळेबंद नेमका ३-१३-१ होता. त्यांनी लव्ही स्मिथ यांना एका मोसमात काढलं, डिमेको रायन्स आले, सी. जे. स्ट्राउडसारखा क्वार्टरबॅक ड्राफ्टमध्ये मिळाला, आणि पुढच्याच वर्षी संघ १०-७ झाला. तिथे बदल फळला. २०२२ मध्येच डेन्व्हरला नॅथनिएल हॅकेट यांच्या पहिल्या सामन्यात चौथ्या डाउनला पाच यार्ड हवे असताना घड्याळ वाहू दिलं गेलं, ६४ यार्डची किक मारायला लावली, ती चुकली आणि सामना १७-१६ ने गेला. दोन सामन्यांनंतर घड्याळाचा निर्णय सांगायला वेगळा अनुभवी माणूस नेमावा लागला, तरी ऑफेन्स मोसमाअखेर गुणांमध्ये लीगमध्ये तळालाच राहिला. १५ सामन्यांनंतर त्यांना जावं लागलं, आणि ते योग्यच झालं. कारण ते ज्या कामासाठी, म्हणजे ऑफेन्स सुधारायला, आले होते तेच काम डिसेंबरातही जागच्या जागी होतं. चूक सगळ्यांच्या हातून होते. ती पुन्हा त्याच जागी होते का, आणि होत असेल तर प्रशिक्षक त्यासाठी काही हलवतो का, एवढंच आम्ही पाहा म्हणतो.

शेवटी न्यू जर्सीतल्या मित्रांना एक काम. कॅम्पबेल यांचे दोन सहकारी, बेन जॉन्सन आणि डिफेन्सचे समन्वयक अॅरन ग्लेन, जानेवारी २०२५ मध्ये मुख्य प्रशिक्षक झाले. जॉन्सन यांचे बेअर्स पहिल्याच वर्षी ११-६ झाले. न्यू जर्सीत खेळणारे ग्लेन यांचे जेट्स ३-१४. ग्लेन यांना हटवा म्हणण्याआधी जेट्सचे १७ निकाल कागदावर उतरवा, बाय वीकपाशी रेघ मारा आणि दोन्ही बाजूंची बेरीज करा. एक सावधगिरी मात्र बाळगा. रेघेच्या अलीकडे डिफेन्समधले सॉस गार्डनर आणि क्विनेन विल्यम्स संघात होते. ४ नोव्हेंबर २०२५ ला ते विकले गेले आणि बदल्यात इतर गोष्टींबरोबर पहिल्या फेरीच्या तीन निवडी आल्या, त्यातली एक २०२६ ची, दोन २०२७ च्या. म्हणून रेघेपलीकडे दिलेल्या गुणांचा सगळा भार प्रशिक्षकावर टाकू नका. ऑफेन्सने केलेले गुण, दंडाचे यार्ड आणि शेवटच्या दोन मिनिटांतले टाइमआउट वेगळे काढा. त्यांच्याशी त्या सौद्याचा थेट संबंध नाही. जे हाती लागेल ते आम्हाला जरूर कळवा. आमचं मत त्यावरून बदलायला आम्ही तयार आहोत.

आपले स्नेहांकित,
एनएफएल नियमित पाहणारे काही मराठी प्रेक्षक